रिपील चळवळ, आयर्लंडमधील

ग्रेट ब्रिटन व आयर्लंड यांचे एकीकरण करणारा १८०० चा कायदा रद्द व्हावा आणि डब्लिन येथे आयर्लंडचे स्वतःचे विधिमंडळ पुन्हा स्थापन व्हावे, या मागणीसाठी डॅन्येल ओकॉनेल (६ ऑगस्ट १७७५–१५ मे १८४७) याच्या नेतृत्वाखाली झालेली सनदशीर लोकचळवळ. रिपील म्हणजे कायदा रद्द करणे. या एका शब्दावरूनच चळवळीला तिचे नाव मिळाले. १८४० मध्ये ती संघटित झाली, १८४३ मध्ये ऐन बहरास आली आणि १८४८ पर्यंत मावळली. तिचे उद्दिष्ट साध्य झाले नाही. तथापि शस्त्र न उचलता केवळ संख्या, वर्गणी, शिस्त आणि कायद्याचे ज्ञान यांच्या बळावर एका बलाढ्य शासनास नमविण्याचा यूरोपातील हा पहिल्या मोठ्या प्रयत्नांपैकी एक होय. कायदा मोडावयाचा नाही असा निर्धार केलेली चळवळ, शासनाने कायद्याचीच भिंत पुढे उभी केल्यावर काय करू शकते, हा प्रश्नही तिच्याच इतिहासात प्रथम इतक्या स्पष्टपणे पुढे आला.

पार्श्वभूमी : आयर्लंडला मध्ययुगापासून स्वतःची पार्लमेंट होती, परंतु १४९४ च्या पॉयनिंग्ज कायद्याने ती इंग्लंडच्या राजाच्या व त्याच्या मंत्रिमंडळाच्या अंकित झाली. १७८२ मध्ये हेन्री ग्रॅटन व त्याचे सहकारी यांच्या खटपटीने तिला विधिविषयक स्वातंत्र्य मिळाले. ही ग्रॅटनची पार्लमेंट पुढील पिढ्यांच्या स्मृतीत सुवर्णयुग म्हणून राहिली. वास्तविक ती केवळ प्रॉटेस्टंट जमीनदारांची सभा होती. लोकसंख्येत बहुसंख्य असलेल्या कॅथलिकांना १७९३ मध्ये मताधिकार मिळाला, पण सभासद होण्याचा अधिकार मिळाला नाही. फ्रेंच राज्यक्रांतीच्या प्रभावाखाली ‘युनायटेड आयरिशमेन’ या संघटनेने १७९८ मध्ये उठाव केला. तो चिरडल्यावर ब्रिटिश पंतप्रधान धाकटा पिट याने दोन्ही पार्लमेंटांच्या एकीकरणाचा प्रस्ताव मांडला. १७९९ मध्ये डब्लिनच्या कनिष्ठ सभागृहाने तो स्वीकारला नाही. पुढील वर्षी सरदारक्या, पदे व नुकसानभरपाई यांची खैरात करून तो संमत करून घेण्यात आला. कायदा १ जानेवारी १८०१ रोजी अमलात आला. आयर्लंडतर्फे १०० सभासद वेस्टमिन्स्टरच्या कनिष्ठ सभागृहात आणि ३२ सभासद उमरावसभेत बसू लागले. डब्लिनमधील पार्लमेंटची भव्य इमारत बँक ऑफ आयर्लंडने विकत घेतली.

एकीकरणाबरोबर कॅथलिकांना राजकीय समता देण्याचा पिटचा मानस होता. पण तिसऱ्या जॉर्जच्या विरोधामुळे तो फसला व पिटने राजीनामा दिला. नव्या व्यवस्थेचा पाया रचतानाच राहिलेली ही फट पुढे रुंदावत गेली. १८१७ मध्ये दोन्ही देशांचे खजिने एक झाले आणि पुढील दशकात परस्परव्यापारावरील उरलेले जकातकरही उठले. यंत्रोद्योगात पुढारलेल्या इंग्लंडच्या मालापुढे डब्लिनच्या कारागिरांचा टिकाव लागेना आणि जमीनदार व प्रतिष्ठित मंडळी लंडनकडे वळल्याने राजधानीचे जुने वैभवही ओसरले. या अवनतीचे सारे खापर एकीकरणावर फोडणे कितपत न्याय्य आहे, याविषयी अर्थशास्त्रज्ञांत मतभेद आहेत. परंतु डब्लिनच्या विणकरास त्याविषयी शंका नव्हती.

ओकॉनेल आणि कॅथलिक मुक्ती : केरी परगण्यातील एका जुन्या कॅथलिक घराण्यात ओकॉनेलचा जन्म झाला. त्याचे शिक्षण फ्रान्समध्ये झाले. क्रांतीतील रक्तपाताच्या काळातच, १७९३ च्या जानेवारीत, त्यास तो देश सोडावा लागला आणि हिंसेविषयीचा तिटकारा त्याच्या मनात कायमचा बसला. १७९८ मध्ये तो बॅरिस्टर झाला. १८०० च्या जानेवारीत त्याने आपले पहिले जाहीर भाषण केले, तेच मुळी एकीकरणाविरुद्ध. १८१५ मध्ये एका द्वंद्वयुद्धात त्याच्या हातून प्रतिस्पर्धी मारला गेला. त्या घटनेचा पश्चात्ताप त्यास जन्मभर पुरला. न्यायालयातील उलटतपासणीत त्याचा हात धरणारा कोणी नव्हता आणि कायद्याच्या कक्षेत राहून सरकारला जेरीस कसे आणावे, हे तो तेथेच शिकला.

१८२३ मध्ये त्याने ‘कॅथलिक असोसिएशन’ स्थापन केली. पुढील वर्षी दरमहा एक पेनी वर्गणीची योजना सुरू करून गरिबातील गरीब कुळासही तिचा सभासद केले. चर्चच्या दाराशी गोळा होणाऱ्या या पेनीचे महत्त्व पैशापुरते नव्हते. ती देणारा शेतकरी प्रथमच एका देशव्यापी कार्याचा भागीदार होत होता. १८२८ मध्ये ओकॉनेल क्लेअर मतदारसंघातून निवडून आला. कॅथलिक असल्याने त्यास पार्लमेंटमध्ये बसता येत नव्हते. यादवीच्या भीतीने वेलिंग्टन व पील यांच्या सरकारने १८२९ मध्ये कॅथलिक मुक्तीचा कायदा केला. मात्र त्याच वेळी परगण्यांतील मताधिकाराची अट चाळीस शिलिंगांवरून दहा पौंडांवर नेण्यात आली आणि ज्या लहान जमीनधारकांनी हा विजय मिळवून दिला, त्यांचीच मते गेली. या विजयातून ओकॉनेलने एक धडा घेतला : संघटित जनसमुदायाचे दर्शन घडविले, की प्रत्यक्ष संघर्षावाचून इंग्रज सरकार माघार घेते. १८४३ मध्ये तो याच धड्यावर विसंबला.

रिपील असोसिएशन : १८३२ च्या निवडणुकीत रिपीलवादी सुमारे ३९ सभासद निवडून आले. १८३४ च्या एप्रिलमध्ये ओकॉनेलने हा प्रश्न पार्लमेंटमध्ये मांडला, तेव्हा ५२३ विरुद्ध ३८ मतांनी तो फेटाळला गेला. यानंतर त्याने व्हिग पक्षाशी सहकार्य करून सुधारणा पदरात पाडून घेण्याचे धोरण स्वीकारले. या काळात टॉमस ड्रमंड याने डब्लिनचा कारभार निःपक्षपातीपणे चालविला. दशमांश कराचे स्वरूप बदलले. नगरपालिकांची पुनर्रचना झाली. परंतु व्हिग सरकार दुबळे होत चालले आणि रॉबर्ट पीलचा हुजूर पक्ष सत्तेवर येण्याची चिन्हे दिसू लागली. तेव्हा १५ एप्रिल १८४० रोजी ओकॉनेलने नवी संघटना काढली. तिचे नाव लवकरच ‘लॉयल नॅशनल रिपील असोसिएशन’ असे ठरले. यातील ‘लॉयल’ म्हणजे राजनिष्ठ हा शब्द केवळ संरक्षणाचे कवच नव्हता. राजमुकुट एक, पार्लमेंटे दोन, अशीच ओकॉनेलची कल्पना होती. व्हिक्टोरिया राणीविषयी तो आदराने बोले आणि गणराज्याची कल्पना त्यास मान्य नव्हती.

वर्षाला एक शिलिंग देणारा सहयोगी, एक पौंड देणारा सभासद आणि दहा पौंड देणारा किंवा जमविणारा स्वयंसेवक, अशी संस्थेची रचना होती. प्रत्येक धर्मग्रामात रिपील वॉर्डन नेमले गेले. वर्गणी गोळा करणे, गुप्त मंडळ्यांना आळा घालणे आणि वाचनगृह चालविणे ही त्यांची कामे. या वाचनगृहांत एक वृत्तपत्र वाचून दाखवी आणि निरक्षर शेतकरी भोवती बसून ऐकत. कॅथलिक धर्मगुरूंचा मोठा वर्ग, विशेषतः ट्यूअमचा आर्चबिशप जॉन मॅकहेल, चळवळीच्या पाठीशी होता. डब्लिनचा आर्चबिशप मरी मात्र अलिप्त राहिला. चळवळीस आणखी एक साहाय्य अनपेक्षित ठिकाणाहून लाभले. फादर थीओबोल्ड मॅथ्यू याने १८३८ मध्ये कॉर्क येथे मद्यपानबंदीची मोहीम सुरू केली होती. तो स्वतः राजकारणापासून दूर राही, पण लाखो लोकांनी घेतलेल्या मद्यत्यागाच्या शपथेमुळेच पुढील प्रचंड सभा शांततेत पार पडू शकल्या आणि त्या सभांत वाजणारी वाद्यपथकेही बहुधा मद्यपानबंदी मंडळांचीच असत.

आरंभी चळवळ मंद होती. १८४१ च्या निवडणुकीत तिला वीसच्या आतबाहेरच जागा मिळाल्या. त्याच वर्षी ओकॉनेल डब्लिनचा महापौर झाला. दीड शतकात हे पद मिळालेला तो पहिला कॅथलिक. महापौरपद सोडल्यावर १८४३ च्या फेब्रुवारीअखेर त्याने डब्लिन महानगरपालिकेत रिपीलवर तीन दिवस चर्चा घडवून आणली. ठराव ४१ विरुद्ध १५ मतांनी संमत झाला. विरोधी बाजू मांडणारा तरुण वकील होता आयझाक बट. सत्तावीस वर्षांनी आयर्लंडच्या स्वराज्याची मागणी नव्या नावाने पुढे आणणारा तो हाच.

‘द नेशन’ आणि तरुण गट : ऑक्टोबर १८४२ मध्ये टॉमस डेव्हिस, चार्ल्स गॅव्हन डफी व जॉन ब्लेक डिलन यांनी ‘द नेशन’ हे साप्ताहिक सुरू केले. डेव्हिस प्रॉटेस्टंट, इतर दोघे कॅथलिक. आयरिश राष्ट्र धर्मावर नव्हे, तर समान भूमी व समान इतिहास यांवर उभे आहे, हे त्यांचे सूत्र होते. पोवाडे, इतिहासकथा व निबंध यांतून त्यांनी रिपीलच्या कोरड्या घटनात्मक मागणीस भावनेची जोड दिली. भाषेविषयी दोन्ही पिढ्यांतील फरक लक्षणीय आहे. ओकॉनेलची मातृभाषा आयरिश; परंतु ती मागे पडली तरी त्यास खेद नव्हता, कारण व्यवहारात इंग्रजी अधिक उपयुक्त असे तो मानी. उलट, इंग्रजीत वाढलेला डेव्हिस आयरिश भाषा हीच राष्ट्राची खरी तटबंदी असे प्रतिपादन करी.

प्रचंड सभा : १८४३ हे रिपीलचे वर्ष होईल, असे ओकॉनेलने जाहीर केले आणि मार्चपासून देशभर सभांची मालिका सुरू झाली. बहुधा रविवारी किंवा सणाच्या दिवशी, प्रार्थना आटोपल्यावर, लोक पायी व गाड्यांतून मैलोन्‌मैल चालत येत. पथके आपापल्या धर्मगुरूंच्या मागे रांगेने चालत. काठी उगारल्याचे किंवा दारू पिऊन दंगा झाल्याचे उदाहरण विरळाच आढळे. सर्वांत मोठी सभा १५ ऑगस्ट रोजी मीथ परगण्यातील टारा टेकडीवर भरली. प्राचीन आयरिश राजांचे हे स्थान हेतुपूर्वक निवडले होते. समकालीन वृत्तपत्रांनी तेथील समुदायाचे आकडे साडेसात लाखांपासून दहा लाखांपर्यंत दिले. आधुनिक इतिहासकार ते अतिशयोक्त मानतात. तथापि कित्येक लाख माणसे जमली होती, याविषयी फारसे दुमत नाही. एवढ्या समुदायातील फार थोड्यांना वक्त्याचे शब्द ऐकू जात असणार. सभेचा अर्थ भाषणात नव्हता, जमण्यात होता.

त्या वर्षी वर्गणी ४८ हजार पौंडांच्या घरात गेली. सरकारने चळवळीस अनुकूल असलेल्या दंडाधिकाऱ्यांना बडतर्फ केले, तेव्हा असोसिएशनने त्यांनाच लवाद नेमून लोकांचे तंटे सोडविण्यास प्रारंभ केला. तीनशे प्रतिनिधींची परिषद डब्लिनमध्ये बोलावण्याची योजनाही पुढे आली. प्रातिनिधिक सभा भरविण्यास १७९३ च्या कायद्याने मनाई होती. म्हणून शंभर-शंभर पौंडांची रक्कम घेऊन डब्लिनला येणारे हे सद्‌गृहस्थ योगायोगानेच एकत्र जमतील, अशी वकिली तोड ओकॉनेलने काढली होती. न्यायालये व विधिमंडळ यांचा पर्यायी सांगाडा अशा रीतीने आकार घेऊ लागला.

उत्तरेकडील अल्स्टरमध्ये मात्र चळवळीस शिरकाव करता आला नाही. तेथील प्रेसबिटेरियन समाजास एकीकरण हितावह वाटे. बेलफास्टची भरभराट त्याच्याच काळात झाली होती. १८४१ च्या जानेवारीत ओकॉनेल बेलफास्टला गेला, तेव्हा धर्मोपदेशक हेन्री कुक याने त्यास वादविवादाचे आव्हान दिले. ओकॉनेलने ते टाळले आणि त्याच्या मुक्कामाच्या ठिकाणी दगडफेक झाली. आयरिश राष्ट्रवादातील ही भेग त्याने गंभीरपणे घेतली नाही. त्याच्यानंतरच्या नेत्यांनीही बराच काळ घेतली नाही.

क्लॉनटार्फ : पीलचे सरकार १८२९ च्या सरकारपेक्षा भिन्न परिस्थितीत होते. कॅथलिक मुक्तीच्या प्रश्नावर इंग्लंडमधील लोकमत दुभंगलेले होते. रिपीलच्या विरोधात मात्र हुजूर, व्हिग व जहाल या सर्वांचे एकमत होते. साम्राज्याचे विघटन टाळण्यासाठी प्रसंगी यादवी युद्धही पत्करू, असा इशारा पीलने मे १८४३ मध्येच दिला. आयर्लंडमधील सैन्य वाढविण्यात आले. ओकॉनेलची भाषाही चढत गेली. जूनमध्ये मॅलो येथील भाषणात त्याने, हल्ला झाल्यास प्रतिकार होईल, असे सुचविले. आपण होऊन हात उचलावयाचा नाही, ही अट त्याने सोडली नव्हती. परंतु चळवळीचा सारा प्रभाव त्या न उचललेल्या हाताच्या धाकावर अवलंबून होता. हा धाक फोल आहे असे प्रतिपक्षाने ठरविले, तर पुढे काय, याचे उत्तर त्याच्यापाशी नव्हते.

वर्षातील अखेरची सभा रविवार, ८ ऑक्टोबर रोजी डब्लिननजीक क्लॉनटार्फ येथे योजिली होती. ब्रायन बोरू या राजाने १०१४ मध्ये नॉर्स सैन्याचा पराभव केला, ते हे रणक्षेत्र. ‘रिपील घोडदळा’च्या संचलनाविषयीच्या एका उतावळ्या सूचनापत्राने सरकारला निमित्त मिळाले. शनिवारी दुपारी उशिरा सभाबंदीचा जाहीरनामा निघाला. त्या वेळी परगण्यांतील लोक वाटेस लागले होते, डब्लिनच्या उपसागरात युद्धनौका होत्या आणि सभेच्या मैदानावर सैन्य हलविण्याची सिद्धता झाली होती. ओकॉनेलने तत्काळ सभा रद्द केली आणि रातोरात सर्व रस्त्यांवर स्वार पाठवून लोकांना परत फिरविले. एकही माणूस दगावला नाही.

या निर्णयावर पुढे पुष्कळ वाद झाला. माघारीमुळे चळवळीचा कणा मोडला, असे तरुण गटातील कित्येकांनी नंतर लिहिले. उलट, १८१९ मध्ये मँचेस्टरच्या पीटर्लू मैदानावर निःशस्त्र जमावाची कत्तल झाली होती आणि क्लॉनटार्फचा जमाव त्याहून कितीतरी मोठा झाला असता, हे विसरून चालत नाही. तो रविवार रक्तपातावाचून गेला, याचे श्रेय ओकॉनेलच्या शब्दाला असलेल्या वजनास द्यावे लागते. त्याची खरी उणीव त्या रात्रीच्या आज्ञेत नव्हती. सभांनंतरची पायरी त्याने आखून ठेवली नव्हती, येथे ती होती. करबंदी, बहिष्कार किंवा मुद्दाम कायदा मोडून तुरुंग भरणे, हे मार्ग त्याच्या कायदेनिष्ठ वृत्तीत बसणारे नव्हते.

खटला व फूट : आठवड्याभरात ओकॉनेल, त्याचा मुलगा जॉन, डफी व इतर काहीजण यांवर कटाचा आरोप ठेवण्यात आला. ज्यूरीतील सर्व बारा पंच प्रॉटेस्टंट होते आणि पंचांच्या यादीचा काही भागच गहाळ झाल्याचे उघडकीस आले. ३० मे १८४४ रोजी ओकॉनेलला एक वर्षाचा कारावास व दोन हजार पौंड दंड अशी शिक्षा झाली. ४ सप्टेंबर रोजी उमरावसभेतील न्यायपंडितांनी तीन विरुद्ध दोन मतांनी ती रद्द केली. या प्रसंगी कायदेपंडित नसलेल्या उमरावांनी मतदान टाळले आणि पुढे तसाच संकेत रूढ झाला. सुटकेची मिरवणूक अपूर्व झाली. परंतु प्रचंड सभांचे पर्व पुन्हा सुरू झाले नाही. ओकॉनेल आता सत्तरीकडे झुकला होता. काही काळ त्याने संपूर्ण रिपीलऐवजी संघराज्यात्मक तडजोडीचा विचार बोलून दाखविला आणि डफीने त्यास जाहीरपणे विरोध केला.

पीलने दंडुक्याबरोबर सवलतींचेही धोरण आखले होते. मेनूथ येथील धर्मशिक्षण महाविद्यालयाचे अनुदान त्याने वाढविले आणि १८४५ मध्ये बेलफास्ट, कॉर्क व गॉलवे येथे धर्मनिरपेक्ष महाविद्यालये काढण्याचे विधेयक आणले. सर्व धर्मांचे तरुण एकत्र शिकतील म्हणून डेव्हिसने त्याचे स्वागत केले. बहुतेक बिशपांप्रमाणे ओकॉनेलने ती निरीश्वर म्हणून धिक्कारली. या वादात असोसिएशनच्या सभेत डेव्हिसला अश्रू आवरेनात. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये, वयाच्या तिसाव्या वर्षी, तो ज्वराने मरण पावला.

दुसरीकडे अमेरिकेतून येणारा निधीही आटू लागला होता, कारण ओकॉनेल तेथील गुलामगिरीचा उघड निषेध करी. दक्षिणेकडील काही रिपील मंडळे त्यामुळे बरखास्त झाली. त्याने मात्र शब्द मागे घेतला नाही. १८४५ च्या सप्टेंबरात गुलामगिरीतून निसटलेला फ्रेडरिक डग्लस डब्लिनच्या कॉन्सिलिएशन हॉलमध्ये त्याचे भाषण ऐकण्यास उपस्थित होता.

त्याच शरद ऋतूत बटाट्याच्या पिकावर रोग पडला आणि पुढील वर्षी जवळजवळ सर्व पीक गेले. १८४६ च्या जूनमध्ये पीलचे सरकार पडून व्हिग परत आले. ओकॉनेल पुन्हा त्यांच्याशी जमवून घेईल, ही तरुणांची भीती खरी ठरली. विरोधकांना पेचात धरण्यासाठी जुलैमध्ये असोसिएशनपुढे, कोणत्याही परिस्थितीत बलप्रयोग निषिद्ध मानणारे ठराव मांडण्यात आले. तरुणांपैकी कोणाचीही उठावाची तयारी नव्हती; परंतु सर्व देशांसाठी व सर्वकाळ शस्त्राचा धिक्कार करण्यास ते राजी नव्हते. टॉमस फ्रान्सिस मार याने तलवारीचे समर्थन करणारे प्रसिद्ध भाषण केले. त्यास मध्येच थांबविण्यात आले, तेव्हा विल्यम स्मिथ ओब्रायन सहकाऱ्यांसह सभात्याग करून गेला. उपाशी देशात एका तत्त्वावरून चळवळ दुभंगली. १८४७ च्या जानेवारीत या गटाने ‘आयरिश कॉन्फेडरेशन’ स्थापन केली. फेब्रुवारीत खंगलेल्या ओकॉनेलने पार्लमेंटमध्ये आपल्या भुकेल्या देशबांधवांसाठी अखेरची याचना केली. त्याचा आवाज जेमतेम ऐकू येत होता. रोमच्या यात्रेस निघाला असता जेनोआ येथे तो निधन पावला. जुलै १८४८ मध्ये ओब्रायनने टिपरेरी परगण्यात बॅलिंगॅरी येथे केलेला उठाव पोलिसांशी झालेल्या एका चकमकीतच आटोपला. १८४१ मध्ये ८१ लाखांहून अधिक असलेली आयर्लंडची लोकसंख्या मृत्यू व देशांतर यांमुळे १८५१ मध्ये ६५ लाखांवर आली. टाराच्या टेकडीवर जमलेला समाजच विखुरला गेला.

नंतरचा इतिहास : १८७० मध्ये आयझाक बटने ‘होमरूल’ या नावाने मागणीचे पुनरुज्जीवन केले. रिपीलमध्ये १८०० चा कायदाच रद्द करावयाचा होता. होमरूलमध्ये वेस्टमिन्स्टरचे वर्चस्व कायम ठेवून अंतर्गत कारभारापुरते विधिमंडळ मागितले होते. पार्नेलने या मागणीस कुळांच्या चळवळीची जोड दिली. ग्लॅडस्टनची १८८६ व १८९३ ची विधेयके फेटाळली गेली. १९१४ चा कायदा पहिल्या महायुद्धामुळे स्थगित राहिला. त्याच शब्दाचा आधार घेऊन लोकमान्य टिळकांनी १९१६ च्या एप्रिलमध्ये बेळगाव येथे भारतासाठी होमरूल लीग स्थापन केली. त्याच महिन्यात डब्लिनमध्ये ईस्टरचा सशस्त्र उठाव झाला आणि आयर्लंडमध्ये तो शब्द मागे पडला. १९२१ मध्ये बेलफास्ट येथे उत्तर आयर्लंडचे विधिमंडळ भरले. सनदशीर स्वयंशासन प्रत्यक्षात प्रथम आले, ते त्यास सर्वाधिक विरोध करणाऱ्या भागात. दक्षिणेत १९२२ मध्ये आयरिश फ्री स्टेट अस्तित्वात आले आणि दोन वर्षांनी डब्लिनच्या प्रमुख सॅकव्हिल मार्गास, जेथे १८८२ पासून त्याचा पुतळा उभा होता, ओकॉनेलचे नाव देण्यात आले.